टुणटुण म्हणजे कोण?

कुरडयांचा चीक शिजला की माई आधी भिंतीवरून वाटी पुढे करतात आणि मग हाक मारतात. दूध-साखर घातलेला गरम गरम चीक. त्या वाटीच्या बदल्यात मी सोऱ्या फिरवायचा, हा आमचा बारा वर्षांचा करार. सांगलीतल्या आमच्या गल्लीत दोन घरांमधली भिंत कमरेएवढीच आहे. माईंची बाज त्या भिंतीला लावलेली, खाली विटा देऊन उंच केलेली, वर प्लॅस्टिकचा कागद. त्यामुळे मला माझ्याच अंगणात उभं राहून त्यांच्या कुरडया घालता येतात. कुरडया घालताना आम्ही काय बोलतो, ते मात्र त्या अंगणातून या अंगणात आणि तिथून पुढे गल्लीभर जातं.

त्या दिवशी मी भांडायला गेले होते. रात्री अंथरुणात वाक्यसुद्धा तयार केलं होतं.

झालं होतं असं, की सुट्टीला आलेला माईंचा नातू आणि आमची धाकटी लपाछपी खेळत होती. धाकटी पाण्याच्या टाकीमागे लपली आणि अर्धी बाहेर दिसत राहिली. नातवानं तिला पकडलं आणि चार पोरांत ओरडला, "टुणटुण सापडली!" पोरगी घरात आली ती जेवलीच नाही. दहा वर्षांची आहे, अंगानं जरा भरलेली. माझ्यावर गेली आहे, दुसऱ्या कुणाला दोष देण्याची सोय नाही.

"माई, जरा बोलायचं होतं."

"बोल की. पण हात चालू ठेव. चीक गार झाला की सोऱ्या फिरत नाही."

मी सोऱ्यात चीक भरला, पहिली कुरडई घातली आणि सांगून टाकलं. माईंनी पदराला हात पुसले आणि नातवाला हाक मारली. तो दात घासत आला.

"काय म्हणालास काल हिच्या पोरीला?"

"टुणटुण."

"टुणटुण म्हणजे कोण रे?"

तो गोंधळला. "कोण म्हणजे? टुणटुण म्हणजे जाडी."

"हे कुणी शिकवलं?"

"पप्पा आत्याला म्हणतात."

आता गोंधळायची पाळी माईंची होती. पप्पा म्हणजे त्यांचाच मुलगा, आत्या म्हणजे त्यांचीच मुलगी. ओट्यावर वर्तमानपत्रामागे बसलेले नाना खोकले. तो खोकला नव्हता, हसू होतं.

"जा, चूळ भर आधी," माई म्हणाल्या. पोरगा आत गेल्यावर माझ्याकडे वळून हळूच म्हणाल्या, "मलाही शाळेत टुणटुणच म्हणायचे गं."

माझं तयार वाक्य तिथेच विरलं.

"साठ-पासष्टचा काळ. पिक्चरमधे टुणटुण नुसती दारातून आत आली तरी थिएटर हसायचं. मग शाळेत प्रत्येक वर्गाला एक टुणटुण लागायचीच, मॉनिटर लागतो तशी. आमच्या वर्गात ती मी. घरी आई म्हणायची, खात्यापित्या घरची दिसते माझी पोर. शाळेत गेलं की तेच अंग टुणटुण व्हायचं. स्नेहसंमेलनात तर बाईंनी मला विंगेत उभं केलं. गळा चांगला होता ना माझा. मी आतून गायचं आणि स्टेजवर दुसरी सडपातळ पोरगी नाचायची. टाळ्या तिला."

"आणि तुम्हाला?"

"मला दोन लाडू. बाई चांगल्या होत्या हो मनानं."

त्यांनी माझी कुरडई बोटानं सारखी केली. मी कुरडई मध्ये दाट आणि कडेला विरळ घालते, हे त्यांना आवडत नाही.

"पण गंमत ऐक. टुणटुणचंही तसंच झालेलं. फक्त उलट्या क्रमानं. ती आधी पडद्यामागं गायची आणि नंतर पडद्यावर आली. मला हे फार उशिरा कळलं. लग्न झाल्यावर. यांच्यामुळे."

"यांच्यामुळे" म्हटल्यावर वर्तमानपत्र खाली आलं. नानांना जुन्या गाण्यांचा नाद आहे. एके काळी रोज सकाळी साडेसातला रेडिओ सिलोनवर जुन्या चित्रपटांची गाणी लागायची आणि शेवटचं गाणं सैगलचं असायचं. सैगल संपला की नाना चपला घालून ऑफिसला निघायचे. घड्याळ नव्हतं म्हणून नाही, सैगलच्या आधी निघणं त्यांना पाप वाटायचं.

"नवी नवरी होते," माई सांगत होत्या. "सकाळी कणीक मळत होते. रेडिओवर एक बाई गायला लागली. किती साधा, मोकळा आवाज. गळ्यात नखरा नाही, की ताना नाहीत. जणू कुणीतरी शेजारी बसून सांगतंय. मी यांना म्हटलं, अहो, कोण हो ही? हे म्हणाले, टुणटुण. मला वाटलं, मलाच चिडवतायत. नवीन लग्न, आणि शाळेतलं नाव यांना कुणी सांगितलं, म्हणून मला रडूच फुटलं."

"कणीक तशीच टाकून आत गेली होती," नानांनी दुजोरा दिला. "मी बाहेर उभा, मला कळेना काय झालं. मी खरं तेच सांगितलं होतं. १९४७ चा 'दर्द'. 'अफसाना लिख रही हूँ'. संगीत नौशाद, गीत शकील बदायुनी, दिग्दर्शक कारदार. पडद्यावर मुनव्वर सुलताना आणि गळा उमादेवीचा. उमादेवी म्हणजेच पुढची टुणटुण."

नाना इतिहास सांगायला लागले की साल, संगीतकार, दिग्दर्शक असा सातबाराच वाचतात. माईंचं तसं नाही. त्यांना माणूस कुणाकडे राहिला, काय खाल्लं, कुणी छळलं, हे हवं असतं. त्यामुळे त्या दिवशी मला उमादेवी दोन तोंडांनी कळली. माझा सोऱ्या फिरत होता आणि दोघांचं एकमेकांचं वाक्य तोडणं चालू होतं.

"उत्तर प्रदेशात अमरोह्याकडची ती," माई म्हणाल्या. "१९२३ चा जन्म. आईबाप कसे दिसायचे तेही तिला आठवत नव्हतं, एवढी लहान असताना गेले. एक भाऊ होता, हरी. आठ-नऊ वर्षांचा. त्याचाही एक दिवस खून झाला. म्हातारपणी एका मुलाखतीत तिनं हे सांगितलंय. मग नातेवाइकांच्या घरी राहिली, दोन वेळच्या जेवणासाठी मोलकरणीसारखी राबत. तिला कोण गाणं शिकवणार? कानावर पडलं तेवढंच शिकली. आणि एक दिवस सरळ पळाली, ती मुंबईला."

"एकटी?"

"एकटी. १९४६ साली, तेविसाव्या वर्षी! आपण त्या वयात मिरजेला एकटं जायचं तर घरी चार वेळा विचारायचो."

मुंबईत ती थेट नौशादांच्या दारात जाऊन उभी राहिली. मला गाता येतं, संधी द्या. नाही दिलीत तर समुद्रात जीव देईन, असं म्हणाली म्हणतात. ही कहाणी हिंदी सिनेमाच्या दुनियेत इतक्यांदा सांगितली गेली आहे, की तिला आता धार राहिलेली नाही. पण माईंनी ती सांगितली तेव्हा मला तो दरवाजा दिसला. आत पेटीवर बसलेला नावाजलेला संगीतकार, आणि दारात अनाथ, अनोळखी मुलगी, धमकी देणारी. नौशादांनी गाऊन घेतलं आणि तिथेच ठेवून घेतलं. पुढे कारदारांशी करार झाला.

"समुद्राची धमकी मुंबईतच चालते," नाना म्हणाले. "आपल्याकडे कृष्णेची दिली असती तर म्हणाले असते, उन्हाळ्यात गुडघाभर पाणी आहे, जा."

"तुम्ही वाचा तो पेपर."

नानांनी पेपर वाचला नाही. "त्याच 'दर्द'मधे सुरैयाबरोबर तिचं द्वंद्वगीत आहे. नूरजहाँ, राजकुमारी, जोहराबाई अंबालेवाली, अशा बायकांच्या पंगतीत ती पहिल्या वर्ष-दोन वर्षांत जाऊन बसली. मग १९४८ ला मद्रासच्या जेमिनीचा 'चंद्रलेखा' आला, एस. एस. वासनचा. त्याच्या हिंदी आवृत्तीत तिची सात गाणी आहेत. सात!"

"आणि दिल्लीचा तो माणूस?" माईंनी महत्त्वाच्या मुद्द्यावर आणलं.

"त्याचं तू सांग. ते माझ्या खात्यात नाही."

दिल्लीत एका गृहस्थानं 'अफसाना लिख रही हूँ' ऐकलं. ऐकलं आणि मुंबई गाठली. गाणारी कशी दिसते, काय करते, काही माहीत नाही. तिला भेटला, आणि पुढे दोघांचं लग्न झालं. दोन मुली, दोन मुलगे. ती त्यांना मोहन म्हणायची. १९९२ साली ते गेले. म्हणजे पंचेचाळीसेक वर्षांचा संसार, आणि तो जमवला तीन मिनिटांच्या तबकडीनं.

"बघ," माई म्हणाल्या, "आधी गळा ऐकून आला. मग माणूस बघितला. आणि राहिला. लोक म्हणतात, टुणटुणवर कोण प्रेम करणार. पिक्चरमधे तर हाच विनोद, की ही लाडात आली आणि हिरो पळाला. तिच्या खऱ्या आयुष्यात दिल्लीहून माणूस पळत आला होता."

हे त्या इतक्या जोरात म्हणाल्या, की सोऱ्यातला चीक एकदम बाहेर आला आणि कागदावर कुरडईऐवजी गोळा पडला. तो आम्ही वाटून खाल्ला.

मी विचारलं, "मग गाणं का सुटलं?"

दोघंही थोडा वेळ गप्प. सांगलीत या प्रश्नाचं उत्तर अवघड आहे. कारण त्याचं अर्धं उत्तर लता आहे, आणि लताचं बालपण याच गावात गेलेलं. मास्टर दीनानाथांचं बिऱ्हाड इथं होतं. आमच्याकडे लताबद्दल बोलताना माणसं आवाज खाली करतात.

"१९४९," नाना शेवटी म्हणाले. "एका वर्षात 'महल', 'अंदाज', 'बरसात'. यातल्या 'अंदाज'चं संगीत नौशादांचंच. नर्गिसला गळा लताचा. नव्या आवाजाची चटक लागली लोकांना. उमादेवीचा गळा जुन्या वळणाचा, उंच सुरात फार फिरत नाही, असं सगळे म्हणायला लागले. संगीतकारांच्या चालीही बदलल्या. वर चढायला लागल्या."

"वर चढता येत नाही म्हणून काय झालं? खालच्या सुरात राहायलाही गळा लागतो," माई म्हणाल्या. हे त्या स्वतःबद्दल बोलत होत्या की उमादेवीबद्दल, मी विचारलं नाही. पेटी अजून त्यांच्या कपाटावर आहे, कापडात बांधलेली.

"पण लताचंही ऐक," नाना पुढे सरसावले. "'महल'ची तबकडी निघाली तेव्हा तिच्यावर लताचं नाव नव्हतंच. मधुबालाच्या पात्राचं नाव होतं, कामिनी. रेडिओवाल्यांना लोक विचारायला लागले, ही कामिनी कोण? तेव्हा नाव जाहीर झालं. गाणाऱ्यांचं नावच नसायचं गं तेव्हा. लतानं स्वतःचं नाव तबकडीवर आणलं. आणि उमादेवीचं..."

"पुसलं गेलं," मी म्हटलं.

"पुसलं नाही," माईंनी दुरुस्त केलं. "बदललं. आणि तिनं बदलू दिलं. यात फरक आहे."

तर नौशाद तिला म्हणाले, तू सिनेमात काम कर. बोलणं फटकळ, स्वभाव हसरा, वेळ साधायची उपजत कला. हे त्यांनी बघितलं होतं. तिनंही अट घातली: करीन, पण दिलीपकुमारबरोबर! समुद्राची धमकी देणारीच ती. दिलीपकुमारशी ओळख होती, आणि १९५० च्या 'बाबुल'मधे तसं जमूनही आलं. टुणटुण हे नाव दिलीपकुमारनंच दिलं, असं सगळीकडे सांगतात. चित्रणाच्या वेळी थट्टेत म्हणाला आणि तेच चिकटलं.

इथं नानांनी चष्मा काढून पुसला. म्हणजे आता त्यांच्या मते मुख्य गोष्ट येणार होती.

"'बाबुल'मधे आणखी कोण होतं सांग."

"नर्गिस."

"आणि?"

मला माहीत नव्हतं. माईंना माहीत होतं, पण त्यांनी नानांचा आनंद हिरावला नाही.

"मुनव्वर सुलताना! तीच, 'दर्द'मधली. तीन वर्षांपूर्वी जिच्या ओठांवर उमादेवीचा आवाज होता ती. संगीत पुन्हा नौशादांचंच, गीतं पुन्हा शकीलचीच. आणि गाणारे गळे? शमशाद बेगम, लता, तलत, रफी. उमादेवी पहिल्यांदा पडद्यावर आली, त्याच पिक्चरमधे ती बाई समोर, आणि गाणं दुसऱ्यांचं. ही आता टुणटुण. लोक हसतायत."

कागदावरच्या कुरडया वाळायला लागल्या होत्या. भिंतीवर एक कावळा येऊन बसला, माईंनी त्याला झारा दाखवला.

मला त्या सेटवरची उमादेवी डोळ्यांपुढे येते. तिला काय वाटलं असेल हे मला माहीत नाही, आणि कुणी सांगितलं तर मी विश्वास ठेवणार नाही. पण तिनं काम केलं, आणि पुढे चारेक दशकं करत राहिली. जवळजवळ दोनशे चित्रपट. गुरुदत्तच्या 'आरपार'मधे आहे, दिलीपकुमारच्या 'उडन खटोला'त आहे. 'प्यासा'सारख्या काळजाला घरं पाडणाऱ्या चित्रपटातही आहे. नायक विजयची कॉलेजातली जुनी मैत्रीण पुष्पलता ती हीच. १९८२ च्या 'नमक हलाल'मधे अमिताभच्या जमान्यातही दिसते. शेवटचा १९९० चा 'कसम धंदे की'. जॉनी वॉकर, आगा, सुंदर, मुक्री, केष्टो मुखर्जी, आपले भगवानदादा, आपले धुमाळ, सगळ्यांसमोर ती उभी राहिली. हिंदी पडद्यावरची पहिली विनोदी नटी, असं तिला म्हणतात.

"पहिली वगैरे मी म्हणणार नाही," नाना म्हणाले. "त्या आधीही बायकांनी हसवलं असेलच. पण जिच्या नावावर लोक हसायला यायचे अशी पहिली, हे खरं."

"आपली शुभा खोटे होती की."

"ती नंतरची. १९५५, 'सीमा'. आणि तिचं काम निराळं. ती मुळात सायकलिंगची आणि पोहण्याची चॅम्पियन. 'सीमा'त सायकलवरून चोराच्या मागं लागते ते खरंखुरं. शुभा खोटे, मेहमूद आणि धुमाळ हे तिघं नंतर जमले की धमाल करायचे. पण बघ, शुभाला पळायला दिलं, भांडायला दिलं, प्रेम करायला दिलं. टुणटुणला काय दिलं? दारातून आत येणं."

नाना हे सहज बोलून गेले, पण त्यांचं बरोबर आहे. तिच्या भूमिका आठवून बघा. किरकोळ अंगाच्या माणसाची दांडगी बायको. लग्नाला उतावीळ झालेली उपवर. गर्दीत जिच्यावर कुणीतरी येऊन आदळतो ती बाई. दोन मिनिटं, तीन मिनिटं. लेखकांना तिच्यासाठी वाक्य लिहायची गरजच वाटायची नाही. वजन लिहिलं की भागलं. मला हा आळस वाटतो. आणि तरी ती दोन मिनिटं आजही बघवतात, कारण त्या आळशी लिखाणात ती स्वतःचं काहीतरी टाकायची.

काय टाकायची, ते माईंनी सांगितलं. "आवाज. तिचं बोलणं ऐक कधी डोळे मिटून. एक वाक्य घेईल, मधेच किंचित थांबेल, आणि शेवटचा शब्द असा टाकेल की बरोबर समेवर. एक मात्रा इकडं नाही की तिकडं नाही. गाणारीच ती. गाणं सुटलं, पण लय कुठं सुटते? लोकांना वाटायचं आपण तिच्या अंगाला हसतोय. हसत होते ते लयीला."

हे मी आधी कुठे वाचलेलं नाही, आणि पटलं. त्यानंतर मी तिचे दोन-तीन तुकडे खरंच डोळे मिटून ऐकले. उत्तरेकडची ठसकेबाज बोली, वाक्याची सुरुवात लाडिक, मधे एक अर्धा श्वास, आणि मग शब्द आपटणं. समोरचा नट त्यानंतर नुसता बघत राहतो. त्याच्याकडे बघत राहण्यावाचून काही उरलेलंच नसतं.

"बक्षीस-बिक्षीस?" मी विचारलं.

"फिल्मफेअरनं विनोदी भूमिकेचं बक्षीस सुरू केलं १९६७ ला. पहिलं मेहमूदला. मग ओमप्रकाश, जॉनी वॉकर, असरानी, देवेन वर्मा. तिचं नाव नाही त्यात."

"दोनशे पिक्चर करून?"

"दोनशे पिक्चर करून. पण तिच्या नावाचं विशेषण झालं की. ते मेहमूदचं झालं नाही," नाना म्हणाले, आणि त्यांचं त्यांनाच ते बक्षीस म्हणून सांगावं की कसं, हे कळेना. पेपर पुन्हा वर गेला.

खरंच, किती नटांच्या नावाचं विशेषण होतं? आणि विशेषण झालं की माणूस संपतो. दात घासत आलेल्या पोराला टुणटुण नावाची कुणी बाई होती हेच माहीत नव्हतं. त्याच्या बापालाही कितपत माहीत असेल, शंका आहे. तबकडी गेली, रेडिओ सिलोन गेला, थिएटर गेलं, आणि गल्लीत लपाछपीच्या खेळात शिल्लक काय राहिलं, तर एक हाक. नशीब असं, की ती हाकही गोड आहे. आपल्या भाषेत टुणटुणीत म्हणजे ठणठणीत, खुटखुटीत. भोपळ्यात बसून टुणुक टुणुक निघालेली म्हातारी तर वाघाला सांगूनच गेली होती, की लेकीकडे जाते आणि चांगली जाडजूड होऊन येते. त्या गोष्टीत म्हातारीच्या जाडीला कुणी हसत नाही. वाघ तर तोंडाला पाणी सुटून वाट बघत बसतो.

हे मी माईंना म्हटलं, तर त्या म्हणाल्या, "ते खरं, पण वाघाला ती खायला हवी होती. उदाहरण बदल."

ऊन चढलं. शेवटचा घाणा राहिला होता. मी विचारलं, "माई, तुम्हाला राग नाही आला कधी? शाळेत म्हणायचे तेव्हा?"

"यायचा की. मग मी एक युक्ती केली. आठवीत. स्वतःच टुणटुणची नक्कल करायला लागले. कुणी चिडवायच्या आत मीच कमरेवर हात ठेवून दारातून यायचे. वर्ग हसायचा, पण आता माझ्या हिशोबानं हसायचा. मी थांबले की थांबायचा. तिनं तरी दुसरं काय केलं? समुद्रात उडी मारते म्हणून आली होती, मारली दुसऱ्याच पाण्यात. आणि पोहली."

मग थोड्या वेळानं म्हणाल्या, "पण विंगेतून गायले त्याला लाडू मिळाले आणि नक्कल केली त्याला टाळ्या, हे काही बरोबर नाही. ते मला आजही लागतं. तिलाही लागलं असणार. म्हणून सांगते, तुझ्या पोरीला नक्कल करायला शिकवू नको. गाता येत असेल तर पुढं उभी कर."

"येत नाही हो तिला गाता."

"मग लपाछपी नीट शिकव. टाकीमागं कोण लपतं!"

दुपारी कुरडया उलटवायला मी धाकटीला घेऊन गेले. नातू ओट्यावर तोंड पाडून बसला होता. आजीनं दिवसभर पुरेल एवढं ऐकवलेलं दिसत होतं. नानांनी मोबाइलवर गाणं लावलं. खरखर, मग वाद्यं, मग तो आवाज. दोन्ही पोरं मुकाट्यानं ऐकत होती. गाणं संपलं.

"ही कोण?" नातवानं विचारलं.

"टुणटुण," माई म्हणाल्या.

तो धाकटीकडे बघायला लागला. धाकटी म्हणाली, "मेली का ती?"

"नोव्हेंबर २००३. अंधेरी. ऐंशी वर्षांची होती," नानांनी पेपरमधून सांगितलं.

"गाणं रडकं आहे," धाकटीनं निकाल दिला. "तिचं जोकवालं दाखवा."

नानांनी 'प्यासा'तला पुष्पलताचा तुकडा शोधला. पाच जण एका मोबाइलवर वाकलो. पुष्पलता आली, बोलायला लागली, आणि धाकटी खदखदून हसली. नातू हसला, मीही हसले. सगळ्यांत मोठ्यानं माई हसल्या. इतक्या, की डोळे पुसायला त्यांनी पदर घेतला तेव्हा बाजेवरच्या चार कुरडया खाली पडून मोडल्या.